याचिका ‘निष्फळ’ ठरते तेव्हा

(संस्थेच्या वार्षिक संमेलनात शिक्षक व शिक्षकेतर सेवकांपुढे केलेल्या भाषणाचा मजकूर. स्मरणिकेसाठी व्याख्यात्यांनी तो स्वतः लिहून दिला आहे.)





भाषणाचे निमंत्रण देताना आपले चिटणीससाहेब मला म्हणाले, “वकीलसाहेब, कायद्यावर बोला, पण मंडळींना झोप येणार नाही असे बोला.” दुपारच्या जेवणानंतरची वेळ, त्यात कायदा! तेव्हा मी असा विषय निवडला की ज्यात तुमचा पगार, तुमची पेन्शन आणि तुमच्या माघारी घरच्यांना मिळायची रक्कम गुंतलेली आहे. ज्यांची एखादी केस शाळा न्यायाधिकरणात किंवा हायकोर्टात पडून आहे, त्यांना तरी झोप येऊ नये.

विषय आहे एका शब्दाचा. नोकरीविषयीची याचिका बऱ्याच वर्षांनी बोर्डावर येते आणि दोन ओळींचा हुकूम होतो की, याचिकेतील मागणीत आता काही उरलेले नाही, सबब याचिका निष्फळ झाल्याने निकालात काढण्यात येते. कोर्टाच्या आवारात यालाच ‘इन्फ्रक्चुअस’ म्हणतात. आपले मास्तर लोक गावी परतल्यावर सांगतात, “आमची केस फ्रॅक्चर झाली.” मी पूर्वी या उच्चाराला हसत असे. आता हसत नाही. हाड मोडले म्हणजे माणूस मेला असे होत नाही, वेळेवर बांधले तर ते जुळते. निष्फळ याचिकेचेही बरेचसे तसेच आहे.

प्रथम हे लक्षात घ्या की असा हुकूम झाला म्हणजे तुम्ही हरलात असे नव्हे आणि जिंकलात असेही नव्हे. तुमच्यावर अन्याय झाला की नाही, या प्रश्नाला कोर्टाने हातच लावलेला नसतो. न्यायालयाचे काम दाद देण्याचे आहे, केवळ मत देण्याचे नव्हे. तुमची बदली झाली, तुम्ही कोर्टात गेलात, मधल्या काळात संस्थेने बदलीचा हुकूम मागे घेतला. आता कोर्टाने रद्द काय करायचे? सर्वोच्च न्यायालयाने शिपिंग कॉर्पोरेशनच्या २००४ च्या प्रकरणात म्हटले आहे की, नंतरच्या घटनेमुळे एखादा दावा निरर्थक झाला असेल तर तो तसाच रेंगाळत न ठेवता निकालात काढणे हे कोर्टाचे कर्तव्यच आहे. यात गैर काही नाही. जिवंत दाव्यांचीच रांग इतकी लांब आहे की मेलेल्या दाव्यांनी ती अडवू नये.

अडचण दुसरीकडे आहे. दावा खरोखर मेला आहे की नुसता निपचित पडला आहे, हे त्या दोन मिनिटांत कोर्टाला कोणीतरी सांगावे लागते. ते सांगणारा माणूस गप्प बसला तर काय होते, हे मी स्वतःच्या अनुभवावरून सांगतो. अनुभव म्हणजे माझीच चूक आहे, म्हणून कोणाचे नाव घेण्याचे कारण नाही.

मी नवा वकील होतो. एक विज्ञान शिक्षक माझ्याकडे आले. वयाने माझ्या अब्बांच्या बरोबरीचे, पण मला “वकीलसाहेब” म्हणत. त्यांची सेवाज्येष्ठता डावलून कनिष्ठ शिक्षकाला पर्यवेक्षक केले होते. न्यायाधिकरणात त्यांचे अपील फेटाळले गेले होते. आम्ही हायकोर्टात रिट याचिका केली. याचिका दाखल करून घेतली गेली, पण अंतरिम आदेश मिळाला नाही. त्या काळी आमच्या भागातून तारखेला जायचे म्हणजे रात्रीची एस.टी., पहाटे मुंबई, आणि संध्याकाळी पुन्हा परतीची गाडी. (आता ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सर्किट बेंच सुरू झाले आहे आणि सहा जिल्ह्यांची ही यातायात वाचली आहे.) वर्षे गेली. सर ५८ वर्षांचे झाले, निवृत्त झाले. मला त्यांनी पत्राने कळवले. मी ते पत्र फाईलला लावले आणि दुसरे काहीही केले नाही.

मग एके दिवशी केस बोर्डावर आली. न्यायमूर्तींनी विचारले, अर्जदार अजून नोकरीत आहेत का? मी म्हणालो, निवृत्त झाले. पुढचा प्रश्न आला, मग आता काय उरले आहे? याचिकेत मागणी एकच होती, की त्या कनिष्ठाची नेमणूक रद्द करून यांना पर्यवेक्षक नेमावे. निवृत्त माणसाला कोण नेमणार? मी कागद चाळत राहिलो. हुकूम झाला. बाहेर व्हरांड्यात सर उभे होते. त्यांनी विचारले, “वकीलसाहेब, आपण जिंकलो की हरलो?” मी म्हणालो, “सर, दोन्ही नाही.” त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, “चला, चहा घेऊ.”

खरे उत्तर असे होते की पुष्कळ काही उरले होते. ज्या तारखेला त्यांची बढती व्हायला हवी होती त्या तारखेपासून ती झाली असे कागदोपत्री धरावे, मधल्या वर्षांच्या पगारातील फरक द्यावा, आणि त्या पगारावर पेन्शन नव्याने निश्चित करावी, या तीन मागण्या मी दुरुस्ती अर्जाने याचिकेत घालायला हव्या होत्या. महिन्याचा फरक म्हटला तर थोडा होता. पण पेन्शन पगारावर ठरते आणि सर गेल्यानंतर त्यांच्या पत्नीचे कुटुंब निवृत्तिवेतनही त्याच हिशेबाने ठरले. दर महिन्याला त्या माउलीच्या हाती जेवढे कमी पडले, तेवढी माझ्या त्या दोन मिनिटांच्या मौनाची किंमत होती. नंतर मी चूक सुधारण्याची वाट सुचवली, तेव्हा सरांनीच नको म्हटले. थकले होते.

म्हणून वाचकहो, पहिली गोष्ट ही की निवृत्तीने नोकरी संपते, पैशाचा हक्क संपत नाही. हा विचार फक्त आपल्याकडचा नाही. अमेरिकेत ॲडम क्लेटन पॉवेल नावाचे न्यूयॉर्कच्या हार्लेम भागातील कृष्णवर्णीय लोकप्रतिनिधी होते. निवडून येऊनही १९६७ साली प्रतिनिधिगृहाने त्यांना जागा नाकारली. खटला सर्वोच्च न्यायालयात पोहोचेपर्यंत ते पुन्हा निवडून आले आणि १९६९ च्या जानेवारीत सभागृहात बसलेही. विरुद्ध पक्ष म्हणाला, आता वाद कुठे आहे? न्यायालयाने जूनमध्ये उत्तर दिले की, त्यांच्या अडवून ठेवलेल्या पगाराची मागणी अजून शिल्लक आहे, म्हणून वाद जिवंत आहे. आणि त्या पगाराच्या धाग्याला धरून न्यायालयाने मूळ घटनात्मक प्रश्नाचाही निकाल दिला. पॉवेल यांच्या वकिलांनी पगाराची मागणी लिहिली होती. मी लिहिली नव्हती.

आपल्याकडे कायदा याहून कमी उदार नाही. महाराष्ट्रातील खासगी शाळांच्या सेवकांचा १९७७ चा कायदा तुम्हाला ठाऊक आहे. त्याच्या कलम ९ खाली ३० दिवसांत न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. कलम ११ पाहा. तेथे पुन्हा कामावर घेण्याचा हुकूम आहे, थकलेल्या पगाराचा आहे, आणि कामावर घेणे योग्य नसेल तेथे भरपाईही आहे. सेवा १० वर्षे वा अधिक असेल तर १२ महिन्यांचा पगार, कमी असेल तर ६ महिन्यांचा. म्हणजे ‘आता कामावर घेता येत नाही’ एवढ्याने अपील रिकामे होत नाही, हे खुद्द कायदा करणाऱ्यांनीच गृहीत धरले होते. त्याच कायद्यात असेही आहे की न्यायाधिकरणाने अपील ३ महिन्यांत निकालात काढण्याचा प्रयत्न करावा, आणि जमले नाही तर कारण नोंदवावे. हा प्रयत्न किती सफल होतो ते तुम्ही जाणता, मी काही बोलत नाही.

तेव्हाच्या औरंगाबादच्या, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरच्या एका शिक्षिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१३ मध्ये दिलेला निकाल प्रत्येक शाळेच्या कार्यालयात असावा. न्यायाधिकरणाने त्यांना थकलेला पगार मंजूर केला होता, हायकोर्टाने तो काढून टाकला, सर्वोच्च न्यायालयाने तो परत मिळवून दिला. बेकायदा काढलेल्या सेवकाला सेवासातत्यासह मागील पगार मिळणे हा सर्वसाधारण नियम होय, असे तेथे सांगितले आहे. १९९१ च्या जानकीरामन प्रकरणात तर ‘काम नाही तर पगार नाही’ हे पालुपदही न्यायालयाने चालू दिले नाही. माणूस काम करायला तयार होता, तुम्हीच त्याला दारात अडवले, मग काम नाही हा दोष त्याचा कसा?

आता निलंबनाचे बघा. निलंबनाविरुद्ध तुम्ही कोर्टात गेलात आणि तेवढ्यात बडतर्फीचा हुकूम हातात पडला. निलंबन त्या हुकुमात विरून गेले, जुनी याचिका निष्फळ. इथे पुष्कळ जण जुन्या याचिकेची तारीख सांभाळत बसतात आणि नव्या हुकुमाविरुद्धचे ३० दिवस निघून जातात. नवा हुकूम आला की नवे अपील, त्याच आठवड्यात. आणि निलंबन मागे घेतले गेले असेल, तर तो काळ कर्तव्यकाळ धरावा आणि निर्वाह भत्त्याव्यतिरिक्तचा पगार द्यावा, ही मागणी उरतेच. ती लेखी मागा.

नेमणुकीच्या वादात वेगळा धोका आहे. जाहिरातीला किंवा निवडीला तुम्ही आव्हान देता, स्थगिती मिळत नाही, जागेवर दुसरा माणूस रुजू होतो. त्या माणसाला प्रतिवादी केले नाही तर तुमची याचिका लंगडी पडते. उत्तर प्रदेशातील शिक्षकांच्याच एका मोठ्या वादात, प्रबोध वर्मा प्रकरणात, १९८४ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की ज्यांच्या पोटावर निकालाने पाय येणार त्यांना समोर आणल्याशिवाय असा निकाल देऊ नये. हे न्यायाचेच आहे. पण प्रतिवादी केले असेल आणि हक्क पक्का असेल, तर ‘यादीची मुदत संपली’, ‘जागा भरली’ ही उत्तरे नेहमीच चालत नाहीत. महाराष्ट्र राज्य वीज मंडळाच्या १९९९ च्या प्रकरणात रीतसर निवड झालेल्या उमेदवाराला चुकीने नेमणूक नाकारली होती. दरम्यान यादीची मुदत सरली आणि जागाही भरली गेली. सर्वोच्च न्यायालयाने ही दोन्ही कारणे बाजूला सारली आणि नेमणूक द्यायला लावली.

सर्वांत फसवे प्रकरण अंतरिम आदेशाचे. तुमच्यापैकी काहींच्या मान्यतेच्या पत्रावर ‘याचिकेच्या अंतिम निर्णयास अधीन राहून’ असे वाक्य असेल. त्या वाक्यावर नोकरी वर्षानुवर्षे चालते, पगार निघतो, मुलांची लग्नेही होतात. मग कोणी सुचवतो, “आता भांडण कुठे राहिले? याचिका काढून घ्या.” थांबा! अंतरिम आदेश हा मूळ याचिकेच्या भिंतीला टेकवलेला जिना आहे. मुंबईतल्या जाहिरात फलकांच्या एका वादात, कलाभारती प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली स्पष्ट केले की याचिका फेटाळली गेली की अंतरिम आदेशही संपतो आणि नुसत्या प्रलंबित खटल्याच्या जोरावर मिळालेला फायदा कोणाला राखता येत नाही. तेव्हा याचिका निकालात निघताना, झालेली सेवा आणि दिलेला पगार कायम धरावा, मान्यता विनाअट समजावी, असे शब्द हुकुमात आले पाहिजेत. ते आले नाहीत तर निवृत्तीच्या वेळी पेन्शनच्या कागदांवर नेमका तोच शेरा पडतो.

अंतरिम आदेश इतका नाजूक असला तरी तो मागण्यात मात्र संकोच करू नका. तो नसेल तर हक्क वाट पाहता पाहता सुकतो. अंजुमन-ए-इस्लामच्या संस्थापकांपैकी एक बद्रुद्दीन तय्यबजी हायकोर्टाचे न्यायमूर्ती होते, हे या व्यासपीठावर नेहमी सांगितले जाते. १८९७ साली राजद्रोहाच्या खटल्यात लोकमान्य टिळकांना जामीन देणारे न्यायमूर्ती तेच, हे मात्र थोड्यांना आठवते. जामीन म्हणजे तरी काय? अखेर माणूस निर्दोष ठरला तर तोवर भोगलेला तुरुंग कोणालाही परत करता येत नाही, म्हणून निकाल लागेपर्यंत त्याचे स्वातंत्र्य राखून ठेवण्याची ती सोय. नोकरीतील अंतरिम आदेशाकडे मी त्याच नजरेने पाहतो.

याचिका चालू असता सेवक अल्लाला प्यारा झाला तर घरचे समजतात, केसही गेली. तसे नाही. कामावर परत घेण्याची मागणी त्याच्याबरोबर जाते, पगार, ग्रॅच्युइटी आणि पेन्शनची मागणी वारसांकडे येते. दिवाणी दाव्यात वारसांची नावे लावण्याची मुदत ९० दिवसांची आहे. रिट याचिकेतही तीच शिस्त पाळा, चाळिसाव्याच्या आत वकिलाला कळवा. मी अशी एक विधवा पाहिली आहे, जिला नवऱ्याची केस हायकोर्टात होती हेच मुळी ठाऊक नव्हते. तेव्हा केसचा क्रमांक आणि वकिलाचा फोन घरच्यांना माहीत हवा.

आणि सगळे प्रयत्न करूनही याचिका निष्फळ म्हणून निघतच असेल, तर वकिलाला सांगून एक वाक्य मागून घ्या: दोन्ही बाजूंचे मुद्दे खुले ठेवण्यात येत आहेत आणि अर्जदारास योग्य त्या ठिकाणी दाद मागण्याची मुभा आहे. याचिका स्वतःहून काढून घेताना तर हे वाक्य हवेच हवे. मुभा न घेता रिट याचिका मागे घेतली तर त्याच कारणावर पुन्हा रिट करता येत नाही, असे सरगुजा ट्रान्सपोर्टच्या प्रकरणात १९८६ सालीच ठरले आहे. मुभा मिळाली म्हणजे काळ थांबतो असेही समजू नका. थकलेल्या पगाराच्या दाव्याला ३ वर्षांची मुदत आहे. पेन्शन चुकीची ठरली असेल तर दर महिन्याला नवी चूक घडते हे खरे, पण तरसेमसिंग प्रकरणात २००८ साली सांगितल्याप्रमाणे मागची थकबाकी साधारणपणे अर्जाआधीच्या ३ वर्षांपुरतीच मिळते.

आतापर्यंत सेवकांशी बोललो. आता पुढच्या रांगेतील मंडळींशी बोलतो, आणि तेही स्पष्टच. पुढे मी संस्थांचाही वकील झालो. एका संस्थेच्या बैठकीत मी कानांनी ऐकले, “तारखा घ्या, साहेब. दीड वर्षाने तो रिटायर होतो, मग केस आपोआप पडेल.” तारखा घेतल्या. केस पडली. पेढे वाटले गेले, एक मीही खाल्ला. नंतर तोच सेवक थकीत पगार मागायला आला, तेव्हा रक्कम वाढलेली होती आणि संस्थेजवळ सांगण्यासारखे काही नव्हते. कलम ११ मध्ये अशीही तरतूद आहे की सेवकाचे देणे संस्थेच्या अनुदानातून कापून परस्पर त्याला द्यावे, अशी शिफारस न्यायाधिकरणाने सरकारला करता येते. अनुदान कापले गेले तर भुर्दंड कोणाला? मुलांच्या प्रयोगशाळेला.

शिवाय हे हत्यार दुधारी आहे. ओरिसातील एका वित्तीय महामंडळाच्या प्रकरणात १९९९ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, निवृत्तीनंतर चौकशी चालू ठेवण्याची तरतूद नियमांत नसेल तर ती चौकशीच संपुष्टात येते आणि निवृत्तीचे सर्व लाभ द्यावे लागतात. म्हणजे ज्याने खरोखर गैरव्यवहार केला त्याची चौकशीही तुमच्या दिरंगाईने निष्फळ ठरू शकते.

आपण अल्पसंख्याक संस्था आहोत, घटनेच्या ३० व्या कलमाचे संरक्षण आपल्याला आहे, असे अशा वेळी हमखास कोणीतरी म्हणतो. आहे, आणि मुख्याध्यापक व आणखी तीन जणांच्या निवडीत १९७७ च्या कायद्यानेही सूट दिली आहे. परंतु चालवण्याच्या हक्कात गैरकारभाराचा हक्क येत नाही, हे १९५८ सालापासून न्यायालये सांगत आली आहेत. घाम गाळणाऱ्याचे वेतन अडवू नये ही आपल्या पैगंबरसाहेबांची शिकवण आपण दरवर्षी याच मंचावरून ऐकवतो. मग सेवकाच्या वयाकडे पाहून तारखा घेणे कोणत्या खात्यात मांडायचे, ते कार्यकारी मंडळाने ठरवावे. माझी सूचना एवढीच की ज्यांची निवृत्ती ३ वर्षांवर आली आहे अशा सेवकांचे सर्व वाद मंडळाने दर जून महिन्यात एकदा पटलावर घ्यावेत, जे देणे लागते ते मान्य करावे आणि उरलेल्यापुरतेच कोर्टात भांडावे.

सेवकांसाठी मी स्वतः एक काम पत्करले आहे. दर महिन्याच्या पहिल्या रविवारी सकाळी १० वाजता मी संस्थेच्या वाचनालयात बसेन. फी नाही. येताना याचिकेची किंवा अपिलाची प्रत, शेवटचा हुकूम, सेवापुस्तिकेची झेरॉक्स आणि मान्यतेचे पत्र आणा. याचिकेतील मागणीचा परिच्छेद शेवटच्या पानांवर असतो, तो घरून वाचून या आणि त्यासमोर पेन्सिलीने तुमची निवृत्तीची तारीख लिहून आणा.